वाटीतले दात

आज मी पहिल्यांदाच स्वतःचं बोलतेय. तसं बोलणं हा माझा रोजचाच धंदा, पण आजवर माझ्यातून जे काही बाहेर पडलं ते सगळं ठाकुर्लीच्या काळुराम भोईरांचं. शिव्या त्यांच्या, हसणं त्यांचं आणि थापाही त्यांच्याच. मी त्यांची कवळी. वरची आणि खालची असे माझे दोन भाग आहेत, पण जीव एकच धरा.

एक अडचण आधीच सांगून ठेवते. तोंडात असले की धनी ते उघडतील तेवढंच मला जग दिसतं. ते बोलले, हसले किंवा जांभई दिली, की समोरचा माणूस दिसतो. तोंड मिटलं की अंधार. ऐकू मात्र सगळं येतं, कारण आवाज हाडातून येतो. त्यामुळे माझ्या हकिकतीत माणसांची तोंडं कमी आणि त्यांचे आवाज जास्त आहेत, ते चालवून घ्या.

माझा जन्म कल्याणला एका छोट्या कारखान्यात झाला. कारखाना म्हणजे दोन टेबलं, एक शेगडी आणि प्लास्टरने पांढरी झालेली फरशी. ठाकुर्लीहून डोंबिवली हाकेच्या अंतरावर असताना काळुरामशेठ दातांचं माप द्यायला कल्याणला गेले होते. डोंबिवलीत ओळखीची माणसं फार, हे कारण. त्यांच्या हिरड्यांचं माप आलं, त्यावर मेण चढलं, मेणात दात रोवले गेले आणि मग मेणाच्या जागी गुलाबी मसाला भरून मला उकळत्या पाण्यात ठेवलं. साकेत नावाचा एक कारागीर हे सगळं करायचा. हात चांगला होता त्याचा. माझी पुढची ओळ त्याने अशी सरळ लावली होती की तो स्वतःच दोनदा लांबून बघून आला.

पण उकळण्याआधी, मेणातले दात तोंडात बसवून बघायच्या दिवशी शेठ आले, आरशात बघितलं आणि म्हणाले, "सगलं सरल नको रं. पुढचा येक दात जरा वाकरा बसव."

"शेठ, लोक वाकडे दात सरळ करायला पैसे मोजतात," साकेत म्हणाला.

"त्यांना मोजू दे. माजा वाकराच होता. सरल दिसला तं लोकांना कलंल ना!"

साकेतचा चेहरा उतरला, पण दात वाकडा बसला. अशी मी जन्मतःच एक थाप घेऊन आले. माझा पुढचा वाकडा दात ही माझी पहिली लबाडी आणि ती माझी नाही, धन्यांची.

धन्यांना एवढी लपवाछपवी कशाला हवी होती, ते मला हळूहळू कळलं. तरुणपणी ते कळव्याच्या खाडीकडे मिठागरात काम करत. पुढे जमीन बिल्डरला गेली, गावठाणात चार मजली घर झालं, गळ्यात जाड साखळी आली आणि लोक त्यांना शेठ म्हणू लागले. शेठ झाल्यावर माणसाला उपदेश करायला काहीतरी विषय लागतो. काळुरामशेठांचा विषय होता दात. हळदीच्या मांडवात मटणाची नळी चोखून झाली की ते ओठ फाकवून सगळ्यांना मला दाखवायचे.

"बगा, सत्तरी वलांडली. येक तरी हललाय का? मीठ, बाबांनो, मीठ! मिठागरातली मानसा आमी. सकाली उठून मिठानं दात घासाचं, डाक्टरची पायरी चराची नाय."

लोक वाकून वाकून मला बघायचे. बघणाऱ्यांत एकही माणूस संशय घेत नसे, तो त्या वाकड्या दाताचा प्रताप. शेजारच्या आळीतले रामाशेठ तर हे ऐकल्यापासून रोज मिठाने दात घासायला लागले. मला त्यांची दया यायची, पण मला विचारतो कोण?

मी तोंडातून निघते, हे घरात तिघांनाच ठाऊक होतं. धन्यांचा मुलगा कमलेश, सून रसिका आणि नात कृतिका. रात्री शेठ मला काढून खिडकीतल्या काचेच्या वाटीत पाण्यात ठेवत. सकाळी शाळेचा गणवेश घालून कृतिका यायची, मला वाटीतून उचलायची, नळाखाली धुवायची आणि "आबा, तुझे दात घे" म्हणून हातावर ठेवायची. कधी दोन्ही भाग हातात धरून कटकट वाजवायची आणि मला भलतंच काहीतरी बोलायला लावायची. खरं सांगते, मला हाताळणाऱ्यांत तिच्याइतकं न किळसणारं कुणी नव्हतं. सून मला चिमट्यात धरल्यासारखी धरायची.

मग एके दिवशी शेठांनी ती गंमत केली. गंमतच म्हणायची, कारण मनात वाईट काही नव्हतं. कृतिका चॉकलेट खात होती, दुसरं सोलायला घेतलं होतं. शेठांनी मला वाटीतून उचललं, तिच्या नाकासमोर धरलं आणि आवाज घोगरा काढून म्हणाले, "चाकलेटा खाशील तं डाक्टर सगलं दात काढंल आनि असं वाटीन ठेवंल. माजं नाय का ठेवलं?"

"हे तुझेच आहेत? तुझ्या तोंडातले?"

"मंग कोनाचं? पन कोनाला सांगू नको हां. आपल्या दोघांचं गुपित. कर शप्पत."

"देवाशप्पथ," ती म्हणाली आणि दुसरं चॉकलेट तिने परत कागदात गुंडाळून ठेवलं. शेठ खूश झाले. सुनेला जे जमलं नाही ते आपण एका वाक्यात केलं, असं त्यांना वाटलं.

दुसऱ्या दिवसापासून ती मला द्यायला आली नाही. दारात उभी राहून वाटीकडे बघायची आणि निघून जायची. कुणाच्या ते ध्यानातही आलं नाही. मोठ्या माणसांना मूल रडलं की कळतं, गप्प झालं की शहाणं झालं असं ती म्हणतात.

पुढच्याच महिन्यात तिची खालची दुधाची दाढ दुखायला लागली. तिने आधी सांगितलंच नाही. एका बाजूने जेवायची. गाल सुजला तेव्हा घरात कळलं. रसिका तिला डोंबिवलीला डॉक्टर प्रियांकांकडे घेऊन गेली. डॉक्टरांनी औषध दिलं, सूज उतरली, पण दाढ आतून किडलीच होती. ती काढल्याशिवाय इलाज नव्हता, नाहीतर खालून येणाऱ्या पक्क्या दाताला धोका. आणि कृतिका तोंड उघडायला तयार नाही. एकदा नेली, परत आणली. दुसऱ्यांदा नेली, खुर्चीवर बसली, पण ओठ असे घट्ट मिटले की डॉक्टरांनीच हात टेकले. तिकडे सूज परत डोकं वर काढायला लागली.

तिसऱ्या वेळी शेठ निघाले. "आमची नात हाय. मी घेऊन जातंय, बगू कशी नाय ऐकत," असं म्हणत त्यांनी मला तोंडात बसवलं, पांढरा सदरा घातला आणि रिक्षा मागवली. रसिका बरोबर होतीच.

दवाखाना पहिल्या मजल्यावर. बाहेर चपलांचा ढीग, आत बाकांवर माणसं आणि भिंतीवरच्या टीव्हीत कुठलंतरी कार्टून धावत असलेलं. शेठांनी "काय गर्दी हाय!" म्हणायला तोंड उघडलं आणि तेवढ्यात मला समोरच्या बाकावरचे रामाशेठ दिसले. उजवा गाल टम्म फुगलेला. त्यांनी घाईघाईने रुमाल गालाला लावला. शेठांनीही पटकन तोंड मिटलं.

"काय काळुराम, तू इकरं कसा?" रुमालामागून आवाज आला.

"नातीला घेऊन आयलो. आपल्याला काय होतंय!"

"मी पन... असाच आयलो. पोराचा रिपोर्ट घ्यायचाय."

दोघेही खोटं बोलले आणि दोघांनाही बरं वाटलं.

कृतिका शेठ आणि रसिकाच्या मध्ये बसली होती. तिची बोटं शेठांच्या सदऱ्याच्या कोपऱ्याला गुंडाळलेली. कापड ताणलेलं शेठांना जाणवत होतं, कारण ते मधूनमधून ते सोडवून घ्यायचे आणि ती परत गुंडाळायची. ती रडत नव्हती. फक्त श्वास नाकातून जोरात येत होता, तोंड मिटलेलं असल्यामुळे.

"कृती, अगं पाच मिनिटांचं काम आहे," रसिका समजावत होती. "नंतर तू म्हणशील ते घेऊ. सायकल हवी होती ना तुला?"

सदऱ्याला आणखी एक पीळ बसला.

"तुझ्या वर्गातल्या ऐश्वर्याने काढली ना दाढ? ती रडली का?"

मग रसिकाचा आवाज चढला. "दरवेळी मी हाफ डे टाकायचा का गं? लहान आहेस का आता तू?" बाकावरचे लोक बघायला लागले असणार, कारण ती लगेच गप्प झाली.

डॉक्टर प्रियांका स्वतः बाहेर आल्या. पोरीसमोर उकिडव्या बसल्या, असं त्यांचा आवाज खालून आला त्यावरून मला वाटतं. "कृतिका, सुईची भीती वाटते का? मी आधी एक जेल लावते, स्ट्रॉबेरीच्या चवीचं. सुई कळणारसुद्धा नाही."

सदऱ्याचं कापड हललं. मान नकारार्थी हलली असावी.

"मशीनच्या आवाजाची?"

पुन्हा तसंच.

"मग कशाची? सांग ना मला. मी कुणाला नाही सांगणार."

इथे मला सगळं ठाऊक होतं आणि सांगता येत नव्हतं. पोरीला सुईची भीती नव्हती, मशीनची नव्हती. तिला माझी भीती होती. एकदा का आपण तोंड उघडलं, की आज एक, उद्या दुसरा असं करत डॉक्टर सगळे दात काढणार आणि वाटीत घालून घरी देणार, आबांचे दिले तसे. आणि हे विचारायचं कुणाला? विचारलं तर आबांचं गुपित फुटतं. शपथ घेतलेली. म्हणून ती दोन्ही बाजूंनी तोंड मिटून बसली होती. एवढीशी पोर, पण शब्द पाळायची सवय घरात एकट्या तिलाच लागली होती.

शेठ तिच्यावर ओरडायच्या बेतात होते. त्यासाठी त्यांनी तोंड उघडलं आणि तेव्हा मला ती दिसली. ती डॉक्टरांकडे बघत नव्हती, आईकडे बघत नव्हती. सरळ माझ्याकडे बघत होती. शेठांच्या तोंडाकडे, आतल्या त्या वाकड्या दाताकडे. शेठांनाही ते दिसलं असावं, कारण ओरडणं घशातच राहिलं.

"काय बगतं बाय?" त्यांनी हळू आवाजात विचारलं.

ती त्यांच्या कानाशी आली. कान माझ्यापासून लांब नाही. "आबा, मला पण वाटीत ठेवणार ना? मी तुझं कुणाला सांगितलं नाही. खरंच नाही सांगितलं."

शेठांचा जबडा थांबला. मी इतकी वर्षं त्यांच्या तोंडात राहिले, पण तो असा मध्येच अडकलेला मी कधी पाहिला नव्हता. समोर रामाशेठ बसलेले. बाकांवर डोंबिवलीची निम्मी ओळख. इथे फुटलेली गोष्ट संध्याकाळपर्यंत गावठाणात पोचणार आणि येत्या हळदीला मांडवभर फिरणार, हे त्यांना माझ्यापेक्षा चांगलं माहीत होतं.

मग त्यांनी दोन बोटं तोंडात घातली आणि मला बाहेर काढलं. आधी वरची, मग खालची. दिवसाउजेडी, टीव्हीखाली, सगळ्यांसमोर.

चारचौघांत एवढा उजेड मी कधी पाहिला नव्हता. पूर्ण खोली दिसली. रसिकाने तोंडावर हात ठेवलेला. डॉक्टर अजून तशाच उकिडव्या. आणि धन्यांचा चेहरा, जो मी जास्त करून आतूनच ओळखत होते, गाल आत गेलेला, हनुवटी वर आलेली, एकदम म्हातारा.

"हे माजं नाय, बाय," ते म्हणाले. शब्द चपटे येत होते, ओठांत फसत होते, पण ते थांबले नाहीत. "हे कारखान्यातलं हाय. नकली. धर, बग हातात घेऊन."

कृतिकाने हात पुढे केला नाही.

"मग तुझे खरे कुठे गेले? डॉक्टरने काढले ना?"

"डाक्टरनी येक पन काढला नाय. डाक्टरकडं मी गेलोच नाय! दाढ ठनकायची, तुजी आजी मंजुला बोलायची, जा कल्यानला. मी दारापरत गेलो आनि पलालो. घाबरलो गो मी. दोऱ्यानं काढलं, तंबाखू भरली, मीठ चोललं. येक येक करून सगलं गेलं." त्यांनी नाक पुसलं. "तुला बोललो ती थाप. तुजी येकच दाढ खराब हाय. ती काढली नाय, तं मंग माज्यासारखं होतंय."

आता एक गोष्ट मला मान्य करायलाच हवी. आजवर धन्यांच्या सगळ्या थापा माझ्यातून गेल्या. पण जे खरं होतं ते त्यांनी माझ्याशिवाय सांगितलं. मी त्यांच्या तळहातावर पडून ऐकत होते. मला थोडं लागलं ते, खोटं का बोलू?

तेवढ्यात रामाशेठांनी गालावरचा रुमाल काढला. "काल्या! आनि मना रोज मीठ चोलाया लावलंस? बग हा गाल! हिरडी सोलून निंगाली माजी!" आणि दुखत असूनही ते हसायला लागले. त्यांच्यामागे सगळा बाक हसला. शेठही हसले, बोळक्याने. मला वाटलं होतं, ते लाजेने अर्धे होतील. तसं काही झालं नाही.

डॉक्टर म्हणाल्या, "काळुरामकाका म्हणतात ते अगदी बरोबर आहे. मी एकच काढणार, बाकीच्यांना हात लावणार नाही. आणि या जागी पुढे नवीन दात येईल, तुझा स्वतःचा."

कृतिकाने मला हातात घेतलं. उलटं केलं, सुलटं केलं, वाकड्या दातावरून बोट फिरवलं. "हा वाकडा का आहे?"

"ती पन थापच," शेठ म्हणाले.

ती उठली. मला मुठीत घेऊनच आत गेली. डॉक्टरांनी मोजे चढवले, जेल लावलं, सुई दिली. तिची मूठ माझ्याभोवती आवळत गेली. दातांचं काम म्हणजे धरून ठेवणं. आयुष्यभर मी सुकट, मटण आणि थापा धरल्या, त्या दिवशी एका पोरीची मूठ धरली. मी तिला आधार दिला की तिने मला, ते सांगता येणार नाही. तोंड मात्र तिने उघडलं, चांगलं मोठं, आणि उघडंच ठेवलं.

"झालं," डॉक्टर म्हणाल्या आणि ट्रेमध्ये टक्क असा आवाज आला.

"झालं?" कृतिकाला खरंच वाटेना. ती ताडकन उठून बसली, गालाला हात लावायला गेली आणि मूठ सुटली. खालची फरशी पांढरी आणि कडक होती. माझा वरचा भाग टाळूवर मधोमध दुभंगला.

ती आता रडली. तोवर रडली नव्हती, ती माझ्यासाठी रडली. शेठ आत आले, दोन तुकडे उचलले आणि म्हणाले, "जाऊ दे गो. कामाला आयली ना? बस झालं."

डॉक्टर म्हणाल्या, "काका, जोडून देता येईल."

"नको. नवीनच करा. आनि डाक्टर, या खेपेला इथंच माप घ्या, कल्यानला नको. सगलं सरल बसवा. वाकरा नको."

घरी ते चालत गेले. रिक्षा नाकारली. वाटेत भेटेल त्याला "काय, जेवलास काय?" म्हणून बोळक्या तोंडाने विचारत होते. मी खिशात होते, तुकडे एकमेकांवर घासत होते. लोक क्षणभर थबकायचे आणि मग नेहमीसारखंच उत्तर द्यायचे. एवढ्यासाठी इतकी वर्षं मला वाकडा दात वागवायला लावला!

एक काम राहिलं होतं. पडलेला दुधाचा दात शेणाच्या गोळ्यात घालून कौलावर फेकायचा, म्हणजे नवा दात पक्का येतो, ही धन्यांच्या घरची रीत. दाढ कापसात गुंडाळून आणलेली होती. तबेल्यातून शेण मिळालं. पण कौल मिळेना. शेठ नातीला घेऊन गावठाणभर फिरले. भोईरांचं घर स्लॅबचं, रामाशेठांचं स्लॅबचं, देवळावर फरशी, शाळेवर पत्रा. कौल असलेलं एकही घर उरलेलं नव्हतं आणि जमिनी देणाऱ्यांत हे स्वतःच पुढे होते, म्हणून बोलायलाही तोंड नव्हतं.

"पत्र्यावर चालेल?" कृतिकाने विचारलं.

"पत्र्यावरून खाली येतंय ते."

तिने थोडा विचार केला. घरी आली, माझे तुकडे खिडकीतल्या त्या जुन्याच वाटीत ठेवले, पाणी न घालता, आणि दाढ कापसातून सोडवून माझ्या मधल्या फटीत ठेवली. "कौल मिळेपर्यंत इथे राहू दे," म्हणाली.

अजून कौल मिळालेलं नाही. तिच्या त्या जागी आतून नवा दात टोकाने दिसायला लागलाय, असं परवा रसिका कुणाला तरी सांगत होती. शेठांच्या तोंडात आता नवी, सरळ दातांची कवळी आहे. ती फार बोलते असं मी ऐकते, पण तिच्यातून मिठाची थाप अजून एकदाही गेली नाही. रामाशेठ दर सहा महिन्यांनी डोंबिवलीला जातात आणि जाताना खालून हाक मारून यांनाही घेऊन जातात.

वाचणाऱ्यांनो, पोरांना भीती घालायचीच असेल तर बागुलबुवाची घाला. तो येत नाही, म्हणून खपून जातो. डॉक्टरकडे एक दिवस जावंच लागतं, त्याची घालू नका. आणि पोर गप्प झालं तर शहाणं झालं असं समजू नका, ते कुणाकडे बघतंय ते बघा.

माझं म्हणाल तर मी मजेत आहे. बोलणं संपलं, चावणं संपलं. वाटीजवळून जाताना कृतिका कधी थांबते, आत डोकावून बघते आणि जाते. हळदीच्या मांडवांत मी तोंडभर दात मिरवले, त्यातला एकही खरा नव्हता. आता माझ्याजवळ एक आहे, किडलेला का होईना. कौल सापडलं तर ती दाढ खुशाल न्या, पण सावकाश शोधा.